मिश्र जातीचा पक्षी ओळखताना रंगाकडे सगळ्यात शेवटी बघा

बचाव केंद्रात पक्षी आला की नोंदवहीत पहिला रकाना भरायचा तो जातीचा. समजा, खोक्यात एक बदक आहे. अंग पांढरं, डोक्यावर काळसर हिरवे डाग, नखं अणकुचीदार आणि चोचीच्या मुळापासून डोळ्यापर्यंत लाल कातडीची एक अरुंद पट्टी. आणणारा सांगतो, ‘तळ्यात पोहत होतं, रानातलंच असणार.’ घाईघाईत ‘मॅलार्ड’, म्हणजे हिरव्या डोक्याचं रानबदक, असं लिहिलं की पुढचं सगळं त्या एका शब्दावर चालतं. कुणासोबत ठेवायचं, काय खायला घालायचं, बरं झाल्यावर सोडायचं की नाही, हे सगळं त्यावरूनच ठरतं. हे बदक मॅलार्ड नाही आणि मस्कव्ही या लाल चेहऱ्याच्या दुसऱ्या प्रजातीचं निखळ बदकही नाही. तो या दोघांचा संकर आहे. त्याला पिल्लं होत नाहीत आणि त्याला कुठल्याही तळ्यावर नेऊन सोडायचं नसतं.

केंद्रात ओळख पटवायची ती वरचे तीन निर्णय घेण्यासाठी: सोडणं, सोबत आणि खाणं. पक्ष्याला एखादं नेमकं नाव चिकटवणं हा त्याचा हेतू नाही. मिश्र पक्ष्याचं नाव पुष्कळदा सापडतच नाही, पण या तीन प्रश्नांची उत्तरं बहुतेक वेळा सापडतात.

‘मिश्र’ म्हणजे नेमकं काय

या एका शब्दाखाली तीन वेगळ्या गोष्टी येतात. पहिली म्हणजे दोन वेगळ्या प्रजातींचा संकर, उदाहरणार्थ मस्कव्ही आणि पाळीव बदक, किंवा निळा-पिवळा मकाव आणि स्कार्लेट मकाव. दुसरी म्हणजे एकाच प्रजातीतल्या दोन वाणांची सरमिसळ. कोंबड्या आणि कबुतरं बहुतांश यातच मोडतात. जगातली सगळी पाळीव कबुतरं, पंखा फुलवणारी असोत की शर्यतीची, एकाच प्रजातीची आहेत, त्यामुळे त्यांची पिल्लं निर्धोक पुढे वाढतात. तिसरी गोष्ट म्हणजे रानपक्षी आणि त्याचंच पाळीव रूप यांची भेसळ. मॅलार्ड आणि त्यापासूनच माणसाने घडवलेलं पेकिन बदक हे याचं उदाहरण. डोकेदुखी या तिसऱ्या प्रकाराची, कारण पक्षी अर्धा रानटी दिसतो, त्याला थोडंफार उडता येतं आणि सोडून देण्याचा मोह होतो.

दोन प्रजातींच्या संकराला लागू पडणारा एक नियम लक्षात ठेवण्यासारखा आहे. जनुकशास्त्रज्ञ जे. बी. एस. हाल्डेन यांनी तो १९२२ मध्ये मांडला. संकरात एकच लिंग वांझ किंवा गायब असेल, तर ते दोन वेगळी लिंग-गुणसूत्रं असलेलं लिंग असतं. सस्तन प्राण्यांत ते नर असतात, पक्ष्यांत मात्र मादी. म्हणून दूरच्या प्रजातींच्या संकरात नर जास्त भेटतात आणि माद्या वांझ निघण्याची शक्यता अधिक असते. मस्कव्ही-पेकिन संकराची मादी महिनोन्महिने अंडं देत नाही म्हणून तिला आजारी धरून औषधं सुरू करण्याआधी हा नियम आठवावा.

आधी, संकर नाही हे तपासा

‘विचित्र रंगाचा, संकर असावा’ अशी चिठ्ठी लागून आलेले कितीतरी पक्षी मुळात मिश्र नसतातच.

वय आणि पीसझड ही पहिली फसगत. वीण संपल्यावर मॅलार्ड नराचं हिरवं डोकं आणि राखी अंग गळून पडतं आणि तो जवळजवळ मादीसारखा तपकिरी दिसतो. मधल्या काळात डोकं ठिगळाठिगळाचं हिरवं असतं. तेव्हा चोच पाहा. नराची चोच पिवळट हिरवी राहते, मादीची नारिंगी आणि वर गडद डाग. याच काळात बदकांची उडण्याची पिसं एकदम गळतात, त्यामुळे साधारण तीन-चार आठवडे ती उडू शकत नाहीत. ‘उडत नाही, म्हणजे पाळीव’ हा निष्कर्ष इथेच चुकतो. पंख उघडून नव्या पिसांची निळसर, रक्ताने भरलेली नळी दिसते का ते आधी बघायचं.

दुसरी फसगत रंगबदलाची. निळा पोपट, पिवळा बजरीगर, पांढऱ्या चेहऱ्याचा कॉकाटील हे त्याच प्रजातीतले जनुकीय रंगबदल आहेत. ओळखायची खूण सोपी आहे. रंगबदलात फक्त रंग बदलतो, हाडाचा सांगाडा, चोचीची जाडी, डोळ्याभोवतीची कातडी, आवाज, चाल हे सगळं जसंच्या तसं राहतं. संकरात रंगाबरोबर यातलं काहीतरी सरकलेलं असतंच. अंगावर मधूनच पांढरी पिसं, डावीकडे एक ठिगळ आणि उजवीकडे काहीच नाही, पण वजन आणि चोच अगदी रानपक्ष्यासारखी, असं असेल तर तो रंगद्रव्याचा दोष. त्यात भेसळ नाही.

तिसरी फसगत आजाराची. हिरव्या पोपटाच्या अंगावर काळी किंवा पिवळी पिसं आली तर आधी यकृत आणि आहार तपासावा. आफ्रिकन ग्रे पोपटाच्या राखी अंगावर लाल पिसं उगवली तर चोच-पीस रोगाच्या विषाणूची चाचणी करावी. अशा पक्ष्याला ‘वेगळ्या जातीचा’ म्हणून इतरांत सोडलं तर अख्खा पिंजरा धोक्यात येतो. पंखाचा शेवटचा सांधा बाहेर वळलेला असला तरी तो जातीचा गुण नाही. वाढीच्या वयातल्या चुकीच्या आहाराशी त्याचा संबंध जोडला जातो.

आणि चौथी, रंगवलेला पक्षी. विक्रीसाठी छोट्या पक्ष्यांना आणि पिल्लांना रंग फासतात. पिसं बोटाने उलटी करून मुळाशी बघा. खरा रंग पिसाच्या रचनेप्रमाणे टोकाकडे गडद आणि आतल्या मऊ लवेत राखी किंवा पांढरा असतो. फासलेला रंग मात्र लव, पिसाचा दांडा आणि कधी कधी कातडी सगळीकडे सारखा पसरलेला असतो. ओल्या पांढऱ्या कापसाने हलकं पुसलं तर पुष्कळदा कापसावर उतरतो. नवं उगवणारं पीस वेगळ्याच रंगाचं आलं की शंका उरत नाही.

तपासणीचा क्रम

पक्षी हातात घेण्याआधी दहा-पंधरा मिनिटं लांबून नुसतं बघावं. उभा कसा राहतो, चालताना अंग आडवं धरतो की उभं, आवाज कसा आहे, हे पकडल्यावर कळत नाही. आवाज मोबाइलवर टिपून ठेवावा, पुढे कामाला येतो.

मग हातमोजे आणि मास्क. बदकं-हंसांसारखे पाणपक्षी बर्ड फ्लू बाळगू शकतात आणि पोपटांकडून माणसाला सिटॅकोसिस हा फुप्फुसाचा आजार होऊ शकतो. ओळख पटेपर्यंत पक्षी विलगीकरणातच राहील, पोपट असेल तर निदान ३० दिवस. धरताना छातीवर दाब नको. पक्ष्याला आपल्यासारखा श्वासपटल नसतो, छातीचं हाड वर-खाली झालं तरच श्वास चालतो. हाताळणी पाच मिनिटांत आटपावी आणि चोच उघडून धापा सुरू झाल्या की तिथेच थांबावं. मोजमाप उद्याही होतं.

हातात आल्यावर पहिली नजर पायातल्या कडीवर. जोड नसलेली, पूर्ण बंद कडी फक्त लहान पिल्लाच्याच पायात चढते, म्हणजे पक्षी पिंजऱ्यात जन्मलेला. तिच्यावरचे अंक-अक्षरं तशीच्या तशी उतरवून फोटो काढावा. कडी नाही म्हणून पक्षी रानातला, असं मात्र ठरत नाही.

त्यानंतर वजन, छोट्या पक्ष्यांसाठी एक ग्रॅमपर्यंत दाखवणाऱ्या काट्यावर. छातीच्या हाडाची धार बोटाला किती टोचते तेही लिहावं, कारण उपाशी पक्ष्याचं वजन जातीबद्दल काहीच सांगत नाही. पंखाची लांबी पंख नैसर्गिक घडीत ठेवून मनगटापासून सगळ्यात लांब पिसाच्या टोकापर्यंत मोजतात. पंख पट्टीवर दाबून सपाट केला की आकडा काही मिलिमीटर वाढतो, आणि दोन माणसांनी दोन पद्धतींनी मोजलं की तुलनाच बिघडते. चोच पिसं संपतात तिथून टोकापर्यंत मोजावी, पायाची नळी व्हर्नियर कॅलिपरने. प्रत्येक माप दोनदा.

फोटो सावलीत, नैसर्गिक उजेडात, शेजारी पट्टी ठेवून काढावेत: दोन्ही बाजूंनी डोकं, समोरून छाती, उघडलेला पंख वरून आणि खालून, पसरलेली शेपटी, पाय, शेपटीच्या मुळाचा वरचा भाग. हा शेवटचा फोटो हटकून विसरला जातो आणि नेमका लव्हबर्डच्या वेळी तोच हवा असतो.

रंग सगळ्यात शेवटी. याचं कारण सरळ आहे. एक-दोन जनुकांनी अख्ख्या पक्ष्याचा रंग पालटतो, पण चोचीची जाडी किंवा पायाची लांबी अनेक जनुकं मिळून ठरवतात आणि ती सहजी लपत नाही. पहिल्या पिढीच्या संकरात मापं साधारण आई-बापाच्या मधली येतात. पण काही संकर दोघांपेक्षाही थोराड होतात, म्हणून नुसत्या वजनावरही भिस्त ठेवू नये. दुसऱ्या-तिसऱ्या पिढीत गुण कसेही विखुरतात आणि तिथे ‘अर्धा हा, पाव तो’ असा हिशोब मांडणं व्यर्थ आहे.

बदकं आणि हंस

मस्कव्ही सोडून सगळी पाळीव बदकं मॅलार्डपासून आलेली आहेत. हे एकदा डोक्यात बसलं की निम्मं काम होतं. शेपटीवर वर वळलेली एक-दोन पिसं म्हणजे मॅलार्ड वंशाचा वयात आलेला नर. मोठ्याने ‘क्वॅक’ करणारी मादी, नराचा आवाज घोगरा आणि दबका. मस्कव्हीत शेपटीवरचा तो कुरळा नसतो, नर फिसकारतो, चेहऱ्यावर लाल, गाठीगाठींची कातडी असते आणि नखं झाडावर बसणाऱ्या पक्ष्यासारखी तीक्ष्ण असतात. मस्कव्ही नर मादीच्या जवळजवळ दुप्पट वजनाचा असतो. संकरात हा फरक फारसा राहत नाही, चेहऱ्यावरची लाल कातडी आक्रसून पट्टीएवढी उरते, नखं मात्र बऱ्यापैकी धारदार राहतात. सोबत अंडी आली असतील तर तीही बोलतात: मॅलार्ड वंशाची अंडी साधारण २८ दिवसांत फुटतात, मस्कव्हीची ३५ दिवसांत आणि संकराची यांच्या मधे कुठेतरी.

संकर वांझ असला तरी नराला माज येतोच. चार किलोचा नर किलोभराच्या मॅलार्ड मादीवर चढला की तिची मान सोलते, पाठ सोलते, पाण्यात असेल तर ती बुडूही शकते. तेव्हा ‘पिल्लं होणार नाहीत, ठेवा एकत्र’ हा सल्ला चुकीचा. वजनात दुपटीपेक्षा जास्त फरक असेल तर वेगळं ठेवावं, आणि सारख्या वजनाच्या कळपातही एका नरामागे निदान तीन-चार माद्या असाव्यात.

मॅलार्ड आणि पाळीव बदक यांच्या भेसळीत काय बघायचं? छातीवर पांढरा, कडा नीट असलेला ‘बिब’ (लाळेऱ्यासारखा डाग), मागचा भाग जड आणि जमिनीजवळ लोंबणारा, उभट चाल, डोक्यावर पिसांचा गोंडा, आणि वजन. रानटी मॅलार्ड एक ते सव्वा किलोच्या आसपास, पेकिन तीन किलोंच्या पुढे. दीड-दोन किलोचं, थोडं उडून दमणारं बदक भेटलं तर ते बहुधा याच दोघांमधलं.

ते सोडायचं का? नाही. पाळीव आणि रानटी रक्त मिसळलं की स्थानिक बदकांची ओळखच पुसली जाते. मॅलार्डच्या संकरामुळे न्यूझीलंडचं ग्रे डक, हवाईचं कोलोआ आणि फ्लोरिडाचं मॉटल्ड डक यांच्यावर ही वेळ आलेली आहे. युरोपात उत्तर अमेरिकेतून आणलेलं रडी डक स्पेनमधल्या दुर्मीळ व्हाइट-हेडेड डकशी संकर करू लागलं, तेव्हा ब्रिटनला आपल्याकडची रडी डक मोहीम काढून संपवावी लागली.

हंसांचं प्रकरण त्या मानाने सोपं. पाळीव हंस दोन रानटी प्रजातींपासून आले. ग्रेलॅगपासून एम्डेन आणि टुलूझ, स्वान गूजपासून चायनीज आणि आफ्रिकन. चोचीच्या मुळावर गाठ असेल तर स्वान गूजचं रक्त. गाठ अर्धवट, चोच नारिंगी आणि काळी अशी ठिगळांची, मानेच्या मागून फिकट तपकिरी पट्टा उतरलेला, असा पक्षी दोघांचा. ही पिल्लं वांझ नसतात. कॅनडा गूज आणि ग्रेलॅग यांचा संकरही तळ्यांवर दिसतो: गालावर अर्धामुर्धा पांढरा डाग, पाय मळकट नारिंगी.

कोंबड्या: तुरा, बोटं, कातडी

कोंबडीत नाव शोधत बसू नये, गुण वाचावेत. इथे जनुकं एवढी स्पष्ट बोलतात की ते वाचायला मजा येते. तुऱ्याचे चार मुख्य आकार पाहा. करवतीसारखा साधा तुरा, गुलाबतुरा, वाटाणातुरा आणि अक्रोडतुरा. गुलाब आणि वाटाणा हे दोन्ही साध्यावर मात करतात, आणि दोन्ही एकाच पक्ष्यात आले की अक्रोड दिसतो. म्हणजे साधा तुरा असलेल्या कोंबडीत या दोन्हींपैकी एकही जनुक नाही, हे निश्चित सांगता येतं. उलट वाटाणातुऱ्याच्या कोंबडीची आई किंवा बाप साध्या तुऱ्याचा असू शकतो.

सिल्कीचा संकर हा या वाचनाचा उत्तम नमुना आहे. सिल्कीची केसाळ पिसं अप्रभावी गुणाची आहेत, आई-बाप दोघांकडून आली तरच दिसतात. म्हणून पहिल्या पिढीतली कोंबडी अंगाने अगदी चारचौघींसारखी गुळगुळीत दिसते आणि नोंदवहीत ‘साधी, काळी’ म्हणून जाते. तिचे पाय मोजा: चारऐवजी पाच बोटं, मागचं जादा बोट वर वळलेलं. पिसं फुंकून कातडी पाहा: काळपट निळी. डोक्यावर शेंडीसारखी पिसं, नळीवर बाहेरच्या बाजूने तुरळक पिसं. पाच बोटं डॉर्किंग, फावेरोल आणि हुदाँ या वाणांतही असतात, म्हणून एकट्या बोटांवर निकाल देऊ नये. काळी कातडी, शेंडी आणि पाचवं बोट एकत्र आली तर सिल्की.

आणखी काही खुणा झटपट. मानेवर पिसं नाहीत पण समोर गळ्याशी पिसांचा एक झुबका: उघड्या मानेच्या वाणाचा एकाच बाजूने आलेला अंश. दोन्हीकडून आला असता तर मान जवळजवळ पूर्ण उघडी असती. पांढऱ्या अंगावर विखुरलेले काळे ठिपके: पांढऱ्या लेगहॉर्नचं प्रभावी पांढरं जनुक, एकेरी मात्रेत. अंडं निळं-हिरवं असेल तर फोडून कवच आतून बघावं. निळा रंग कवचात आरपार असतो, तपकिरी रंग मात्र फक्त वरचा थर, आतून पांढराच. हिरवं अंडं म्हणजे निळ्यावर तपकिरी लेप, आणि अशी कोंबडी हमखास मिश्र किंवा तशी घडवलेली.

व्यापारी पक्ष्यांचा विषय वेगळा काढावा लागतो, कारण ओळख चुकली तर जिवावर बेततं. मांसासाठीचा ब्रॉयलर हा अनेक वंशांचा मुद्दाम केलेला संकर आहे: पांढरी विरळ पिसं, रुंद छाती, जाड पिवळे पाय, पाच-सहा आठवड्यांत दोन किलोंच्या पुढे, आवाज मात्र अजून पिल्लाचा. याला ‘मोठी कोंबडी’ समजून भांडं भरून खाद्य ठेवलं तर पाय आणि हृदय साथ सोडतात. मोजून दोन वेळा खाद्य आणि आठवड्याला वजन, हाच त्याचा उपचार. अंड्यांची तपकिरी संकरित कोंबडी दोन किलोंच्या आतबाहेर, चोचीचं टोक अनेकदा छाटलेलं, वर्षाला तीनशेच्या घरात अंडी. तिला पोट फुगणं, अंडं अडकणं हे त्रास होतच राहतात, तेव्हा पोट नियमित चाचपावं. आणि अंड्यावरच्या कोंबड्यांचं खाद्य, ज्यात साडेतीन ते चार टक्के कॅल्शियम असतं, ते नरांना आणि वाढत्या पिल्लांना घालू नये, मूत्रपिंडं बिघडतात.

कधी ‘रानकोंबडा’ म्हणून गावठी कोंबडा येतो. खऱ्या लाल रानकोंबड्याचे पाय सडपातळ आणि पाटीच्या दगडासारखे करडे, मादीला तुरा जवळजवळ नसतोच, शेपटी आडवी धरलेली, आरव आखूड आणि शेवटी तुटक. वीण संपल्यावर नराच्या मानेवरची सोनेरी पिसं जाऊन काही काळ काळी येतात, पाळीव कोंबड्यात हा बदल सहसा दिसत नाही. पाय पिवळे असतील तर पाळीव रक्त जवळजवळ नक्की. २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात दिसलं, की पाळीव कोंबडीतलं पिवळ्या कातडीचं जनुक लाल रानकोंबड्याकडून आलेलं नाही, ते राखी रानकोंबड्याकडून आलं आहे.

कबुतरं आणि होले

साध्या कबुतराच्या शेपटीत १२ पिसं असतात, पंखा कबुतरात तीस-चाळीसपर्यंत. मोजा. मधला आकडा आला तर मिश्र. चोचीच्या मुळाचा पांढरा फुगीर भाग मोठा आणि छाती भरदार असेल तर शर्यतीच्या कबुतराचा अंश. मुख्य प्रश्न इथे इतकाच, की पक्षी स्वतः दाणे शोधून उडून जगू शकतो का. पूर्ण पांढरं, पंखा शेपटीचं किंवा पायांवर लांब पिसं असलेलं कबुतर बाहेर टिकत नाही.

पाळीव बार्बरी होला आणि रानातला कंठवाला होला यांचा संकर जास्त फसवा. दोघांच्याही मानेवर काळी कड. पंखाची टोकाची पिसं बघा: रानातल्याची गडद, पाळीवाची फिकट. शेपटीखालची पिसं रानातल्याची राखट, पाळीवाची पांढरी. आवाज निर्णायक आहे: रानातला तीन तुकड्यांत घुमतो, मधला तुकडा जोरात, तर पाळीव दोन तुकड्यांत आणि दुसरा थरथरता. संकराचं घुमणं यांपैकी कशातच नीट बसत नाही. लांबून ऐकायची ती दहा मिनिटं इथे वसूल होतात.

पोपट वर्ग

पहाडी पोपट आणि कंठवाला पोपट एकत्र पाळले जातात आणि संकर होतात. पहाडी सुमारे ५८ सेंटिमीटर, २०० ते ३०० ग्रॅम, खांद्यावर किरमिजी डाग, चोच दणकट. कंठवाला सुमारे ४० सेंटिमीटर, ११० ते १४० ग्रॅम, खांदा कोरा. संकरात डाग पुसट किंवा चार-दोन पिसांपुरता उरतो आणि वजन मधलं येतं. निळ्या रंगबदलात लाल रंग बनतच नाही, त्यामुळे डाग असूनही लाल दिसत नाही. तिथे फक्त चोच आणि माप. मानेवर कंठ नाही हे लक्षण मानू नये, दोन्ही प्रजातींत माद्या आणि कोवळे नर कंठाशिवायच असतात.

लव्हबर्डमध्ये डोळ्याभोवती बघा. पीच-फेसला रुंद पांढरं कडं नसतं. फिशर आणि मास्क्डला उघड्या पांढऱ्या कातडीचं ठसठशीत कडं असतं. संकराचं कडं बारीक, तुटक, एका बाजूला जाड आणि दुसऱ्या बाजूला नाहीसं. असा पक्षी सहसा वांझ निघतो. फिशर आणि मास्क्ड यांचे संकर मात्र वांझ नसतात आणि पिढ्यान्‌पिढ्या मिसळत आलेत. नारिंगी कपाळावर काजळी फासल्यासारखी तपकिरी छटा ही त्यांची खूण.

या पक्ष्यांत वागणंही साक्ष देतं. पीच-फेस मादी घरट्यासाठी कागदाच्या, सालीच्या पट्ट्या कातरते आणि शेपटीच्या मुळावरच्या पिसांत खोचून नेते. फिशर चोचीत धरून नेते. पक्ष्यांच्या वर्तनाचे अभ्यासक विल्यम डिल्गर यांनी १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला या दोघांच्या संकरांवर जे पाहिलं ते प्रसिद्ध आहे: संकर मादी पट्टी कातरते, मान वळवून पिसांत खोचायला जाते, पण चोचीतून सोडतच नाही, किंवा अर्धवट खोचून लगेच ओढून काढते. शंका असलेल्या मादीला कागदाची पट्टी देऊन बघायला खर्च काही नाही. फक्त छापील कागद नको, आणि अशाने अंडी घालायला चेव येतो म्हणून एक-दोनदाच.

मकावांच्या संकरांना व्यापारात नावं आहेत. निळा-पिवळा आणि स्कार्लेट मिळून कॅटालिना, निळा-पिवळा आणि ग्रीन-विंग्ड मिळून हार्लेक्विन, स्कार्लेट आणि ग्रीन-विंग्ड मिळून रूबी, कॅटालिना पुन्हा स्कार्लेटशी मिसळला की कॅमेलॉट. रंग बाजूला ठेवून गालाची उघडी पांढरी कातडी जवळून बघा. निळ्या-पिवळ्याच्या गालावर काळपट बारीक पिसांच्या ठळक ओळी असतात, ग्रीन-विंग्डच्या ओळी लाल, स्कार्लेटचा गाल जवळजवळ कोरा. केशरी छातीच्या पक्ष्याच्या गालावर काळपट आणि लालसर दोन्ही ओळी दिसल्या तर हार्लेक्विनकडे बोट जातं, ओळी विरळ असतील तर कॅटालिनाकडे. लाल मकावाच्या पंखावर मधला पट्टा पिवळा असेल तर स्कार्लेट, हिरवा असेल तर ग्रीन-विंग्ड, आणि दोन्ही पसरलेले असून गालावर तुरळक लाल ओळी असतील तर रूबी.

याला कायद्याची बाजूही आहे. साइट्स या वन्यजीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरच्या करारात (त्याचं परिशिष्ट एक सगळ्यात कडक) संकराला आई-बापापैकी ज्याचं परिशिष्ट कडक, तेच लागू होतं आणि त्यासाठी मागच्या चार पिढ्यांपर्यंत पाहिलं जातं. निळा-पिवळा मकाव परिशिष्ट दोनमध्ये आहे, स्कार्लेट परिशिष्ट एकमध्ये. म्हणून कॅटालिनाला परिशिष्ट एकचे नियम लागतात. ‘संकर आहे, कागद लागत नाहीत’ असं सांगणाऱ्या मालकावर विसंबू नये.

शिकारी पक्षी

ससाण्यांचे संकर, विशेषतः जायर आणि पेरेग्रिन किंवा जायर आणि सेकर, शिकारीसाठी मुद्दाम पैदा केले जातात आणि निसटतात. ते माप आणि रंगावरून ठरवणं अनुभवी माणसालाही अवघड जातं. त्यापेक्षा पाळीव असल्याच्या खुणा शोधाव्या: पायातली बंद कडी, चामडी पट्टीचा घट्टा, शेपटीवर किंवा पाठीवर ट्रान्समीटर बांधल्याची जागा, माणूस जवळ गेल्यावर न घाबरता खाद्य मागणं. यातलं एकही दिसलं तर सोडण्याचा विचार थांबवून संबंधित खात्याला आणि मालकाच्या नोंदणीला कळवावं. रानातच जन्मलेले संकर ही वेगळी गोष्ट. युरोपात काळा कावळा आणि हुडेड कावळा यांच्या सीमेवर मिश्र कावळे कायमच असतात. असा धडधाकट पक्षी रानपक्षी म्हणूनच हाताळतात.

डीएनए कधी, आणि त्यातून काय कळतं

एक गैरसमज आधी दूर करायला हवा. पिसावरून लिंग सांगणारी सर्वसामान्य चाचणी प्रजाती सांगत नाही. संकर तपासायचा तर तशी चाचणी करणारी प्रयोगशाळा लागते आणि तिच्याकडे दोन्ही संभाव्य प्रजातींचे नमुने तुलनेला हवेत. म्हणून ‘हा कोण आहे?’ असं विचारू नये, ‘हा अमुक आणि तमुक यांचा संकर आहे का?’ असं विचारावं. नमुना म्हणून छातीची तीन-चार उपटलेली पिसं मुळासकट, किंवा कार्डावर रक्ताचा थेंब. पिंजऱ्यात पडलेलं पीस शक्यतो नको, दुसऱ्याचं असू शकतं आणि मुळाशी पेशी कमी असतात.

मायटोकाँड्रियाच्या (पेशीतल्या, आईकडूनच येणाऱ्या घटकाच्या) डीएनएवरून फक्त आई कळते. मॅलार्ड आई आणि मस्कव्ही बाप असलेलं पिल्लू या चाचणीत शंभर टक्के मॅलार्ड दिसेल. अहवालात फक्त हीच चाचणी असेल तर संकर नाही असं सिद्ध होत नाही, केंद्रकातल्या डीएनएचे मार्कर, म्हणजे आई-बाप दोघांकडून आलेल्या खुणा, तपासायला सांगावं लागतं. कोंबड्या-कबुतरांच्या वाणांसाठी हा खर्च करू नये, त्यावरून एकही निर्णय बदलत नाही. सोडायचा प्रश्न असलेलं बदक, ससाणा, किंवा कागदपत्रांचा वाद असलेला मकाव, इथेच तो सार्थकी लागतो.

नोंद कशी लिहायची

जातीच्या रकान्यात नुसतं नाव न लिहिता खात्रीची पातळी लिहावी: निश्चित, बहुधा, किंवा अज्ञात. आणि पुढे ज्यावरून ठरवलं ते. सुरुवातीच्या बदकाची नोंद अशी होईल: ‘मस्कव्ही आणि पाळीव बदकाचा संकर, बहुधा. चेहऱ्यावर लाल कातडीची अरुंद पट्टी, नखं तीक्ष्ण, वजन ३.४ किलो, छातीचं हाड भरलेलं. सोडू नये. दोन किलोंखालच्या बदकांसोबत ठेवू नये. कडी नाही.’ पक्षी दत्तक जाताना नव्या माणसाला कागदावर हेच द्यावं. आकर्षक नाव दिलं की पक्षी लवकर जातो हे खरं, पण ‘सिल्की’ म्हणून नेलेली गुळगुळीत कोंबडी पंधरा दिवसांत परत येते.

कोवळ्या पक्ष्याची नोंद पहिली पूर्ण पीसझड होईपर्यंत उघडी ठेवावी. तेव्हा पुन्हा तेच फोटो, त्याच कोनातून, आणि झडलेली पिसं तारखेसह कागदी पाकिटात. प्लॅस्टिकच्या पिशवीत ओल धरून बुरशी येते.